बहिरे नारळ

शंखोली बंदरात होडीकडे निघालेल्या माणसाला काहीही विचारा. जेवलास का विचारा, बायकोशी भांडून आलास का विचारा, तो हसत उत्तर देईल. फक्त ‘कुठे चाललास?’ एवढं विचारू नका. विचारलंत, तर तो जाळं तिथंच खाली टाकेल, घरी जाईल, पाय धुऊन पुन्हा निघेल आणि तेवढ्या वेळात तुमच्या सात पिढ्यांचा उद्धार करेल. एखाद्यानं आपण होऊन दिशा सांगितलीच, तर ती खोटी आहे असं खुशाल समजावं. उत्तरेला जाणारा दक्षिण सांगतो, खोल समुद्रात जाणारा खाडीचं नाव घेतो. बायकोलाही खोटं, आईलाही खोटं. मासा कुठे मिळतो हे ज्या त्या घराचं गुपित. ते बापानं मुलाला द्यायचं, आणि तेही मुलाचं लग्न झाल्यावरच.

म्हणून त्या दिवशी सकाळी हेमू तारी जेटीवरून होडी सोडताना न विचारताच ओरडला, “ताई, वेंगुर्ल्याच्या बाजूक जातंय गो!” तेव्हा शमिकानं नुसता हात हलवला. वेंगुर्ल्याला तो जात नव्हता एवढं तिला कळलं. त्यापलीकडे काही कळून घ्यायचं तिच्या मनातही आलं नाही. हेमू तिचा भाऊ, तिच्याहून सहा वर्षांनी लहान, डोकं तल्लख, तोंड त्याहून तल्लख, आणि तारींच्या नव्या विजेच्या होडीवर तांडेल, म्हणजे होडीचा प्रमुख, होऊन त्याला जेमतेम वर्ष झालेलं. सोबत दोन खलाशी होते, मोंडकरांचा विलास आणि गिरकरांचा ओंकार.

शमिका जेटीवरच्या बर्फाच्या कारखान्याच्या माडीवर, तिच्या खोलीत जाऊन बसली. तिचं काम होतं नारळ सांभाळायचं.

हे नारळ म्हणजे काय ते आधी सांगितलं पाहिजे, नाहीतर पुढची सगळी धावपळ तुमच्या डोक्यावरून जाईल. समुद्रात खाली डोळ्यांनी बघायला जावं तर दहा हातांपलीकडे गढूळ. पण आवाज? तो पाण्यात हवेच्या चौपटीहून जास्त वेगानं पळतो आणि कित्येक मैल जातो. मासे मुके असतात हा तर आपला किनाऱ्यावर बसून करून घेतलेला गैरसमज. घोळ मासा पोटातल्या हवेच्या पिशवीवर स्नायू आपटून ढोलासारखा घुमतो. ढोमा कुरकुरतो. एका जातीची कोळंबी नुसता चिमटा वाजवते, आणि अशा लाखो चिमट्यांचा आवाज तव्यावर तीळ तडतडावेत तसा रात्रंदिवस चालू असतो. गोव्यात समुद्रातल्या आवाजांचं शिक्षण घेऊन शमिका परत आली ती हेच ऐकणारी यंत्रं घेऊन. सोललेल्या नारळाएवढी चाळीसेक यंत्रं. त्यांना बॅटरी नाही. तळाच्या चिखलातले जिवाणू कुजलेलं खाताखाता जी इवलीशी वीज सोडतात तेवढी त्यांना पुरते. एकमेकांशी ती टिकटिक आवाजातच बोलतात, आणि जेटीच्या खांबाला बांधलेलं शेवटचं यंत्र ते सगळं बोलणं शमिकाच्या पडद्यावर आणून ओततं. चार वर्षांपूर्वी नारळी पौर्णिमेला, देवाचा नारळ सोडल्यावर लगेच ही यंत्रं पाण्यात सोडली, म्हणून त्यांचं नाव नारळच पडलं.

आणि काय सांगू, बंदर नुसतं फुललं! कुठल्या पट्ट्यात बांगडा आलाय, कुठे घोळ घुमतोय, हे सकाळी फळ्यावर लागायला लागलं. उगाचची भटकंती निम्म्यावर आली. बर्फाचा कारखाना दिवसाचे सगळे तास चालू, सुक्या मासळीच्या मांडवांना जागा पुरेना, होड्या बांधणाऱ्या मेस्त्रीकडे विजेच्या तीन नव्या होड्या एकदम उभ्या राहिल्या.

मग एक दिवस जनू केळुसकर शमिकाच्या मागे येऊन उभा राहिला. जनू म्हणजे बंदरातला सगळ्यात हट्टी तांडेल. पडद्यावर एक रेघ सरकत होती.

“ह्या काय गो?”

“मोंडकरांची होडी, काका. तिच्या पंख्याचा आवाज.”

झालं! नारळांना मासे ऐकू येतात तशा होड्याही ऐकू येतात, ही गोष्ट संध्याकाळपर्यंत घरोघर पोचली आणि देवळात सभा बसली. आवाजाची जागा काढणं सोपं असतं. वरच्या वाडीत फटाका फुटला तर तिथल्या माणसाला तो आधी ऐकू येतो, खालच्या वाडीतल्याला क्षणभरानं. तीन ठिकाणच्या माणसांनी आपापली वेळ जुळवून पाहिली तर फटाका कुठल्या अंगणात फुटला ते सांगता येतं. नारळ हेच करतात. म्हणजे प्रत्येकाची पिढीजात जागा आता उघड्यावर! जनू कडाडला, शमिकाचा बाप बाबल तारी त्याच्याहून मोठ्यानं कडाडला. या दोघांचं पंधरा वर्षांत एकमत झालेलं कोणी पाहिलं नव्हतं. बाबलच्या होडीच्या पंख्यात जनूचं जाळं अडकून फाटलं होतं, तेव्हापासून बोलणंच बंद होतं. त्या दिवशी मात्र दोघांचं एकमत झालं. नारळ बहिरे करायचे.

शमिकानं ऐकलं. तिनं गाळणी बसवली. नारळ ऐकायचे सगळं, ऐकलेलं आठ दिवस पोटातही ठेवायचे, पण बाहेर सांगताना माणसाचा आणि होडीचा प्रत्येक आवाज गाळून टाकायचे. गाळणीला कुलूप हवं, आणि किल्ली बंदरातल्या सात मानकरी घरांच्या हातात हवी. पासवर्ड बिसवर्ड कोणाला नको होता. शेवटी किल्ली ठरली ती प्रत्येक घराचा ठोका.

उथळ पाण्यात जाळं लावलं की मासे त्याच्याकडे हाकायला होडीच्या काठावर लाकडानं ठोकतात. शंखोलीत प्रत्येक घराची ठोकण्याची चाल वेगळी. तारींचे दोन सावकाश, मग एक, मग तीन भरभर. केळुसकरांचा नुसता दणदणाट. पोर रांगायला लागलं की आधी हा ठोका शिकतं. माडीवर एक फळी बसवली, सातही घरांनी तिच्यावर आपापला ठोका वाजवला, यंत्रानं तो नमुना म्हणून ठेवून घेतला आणि कुलूप लागलं. सात ठोके पडल्याशिवाय ते उघडायचं नाही.

तरी तांडेलांचा जीव थाऱ्यावर नव्हताच. प्रत्येक होडीवर सरकारनं बसवलेला जागा सांगणारा डबा असतो. आपल्या गुपिताच्या जवळ आलं की सगळे तो बंद करायचे. चूक होती. सगळ्यांना माहीत होतं की चूक आहे, आणि सगळे करत होते.

हेमूनंही केलं.

दुपारी वारा फिरला. दसरा झाल्यावर असं वादळ येईल असं कोणाच्या ध्यानीमनी नव्हतं. आभाळ काळंभोर झालं, लाटा धक्क्यावर चढल्या आणि एकेक होडी परत यायला लागली. शेवंताकाकी, म्हणजे जनूची बायको, धक्क्यावर मासळीचा लिलाव पुकारायची. ती प्रत्येक होडीचं नाव मोठ्यानं घेत होती. तारींचं नाव काही तिच्या तोंडून येईना.

शमिकानं वायरलेसवर हाका मारल्या. उत्तर नाही. हेमूचा डबा सकाळी बंदर सोडतानाच बंद झाला होता, तो चालू झाला नव्हता. विजेच्या होडीत बॅटरीच्या कप्प्यात पाणी शिरलं की मोटर, वायरलेस, डबा सगळं एकदम मरतं, हे तिला माहीत होतं.

बचाव पथकाचा फोन आला. ड्रोन तयार होती.

“कुठे गेले होते?”

“वेंगुर्ल्याच्या बाजूक म्हणालो तो,” बाबल म्हणाला.

“ठीक. तिकडे पाठवतो.”

“नको!” बाबल ओरडला. “वेंगुर्ला सांगितल्यान म्हणजे तो वेंगुर्ल्याक गेलो नाय, एवढां नक्की!”

पलीकडच्या माणसानं विचारलं, “काका, मग कुठे शोधू?”

“ता माका कसां ठावक? तेना सांगूक नाय, मी इचारूक नाय!”

आयुष्यभर ज्या रीतीचा त्यानं अभिमान धरला, ती रीत आता त्याच्याच गळ्याशी आली होती. शमिकानं त्याला बाजूला घेतलं. “बाबा, आपल्या खडपावर गेला असेल का?”

तारींचा एक खडप होता, म्हणजे समुद्रात जेमतेम बुडालेला खडक, कुठे ते फक्त बाबलला माहीत.

“खडपार? तेका खडप खय ठावक! लग्न खय झाला अजून तेचा?”

ड्रोननी जमेल तेवढा समुद्र धुंडाळला आणि वाऱ्यापुढे हार मानून ती परत फिरली. अंधार पडायच्या आत दुसरा, याहून मोठा झपाटा येणार असं हवामानवाले सांगत होते. पाणी शिरलेली होडी तो झेलणार नाही, हे सांगायला हवामानवाल्यांची गरज नव्हती.

शमिका माडीवर पडद्यापुढे उभी राहिली. पडद्यावर बांगडे, कोळंबी, घोळ, सगळे आपापल्या जागी. आणि तिथंच कुठेतरी तिचा भाऊ. मोटर मेली असेल, पण हेमू गप्प बसणारा नव्हे. तो ठोकत असणार! काठावर लाकूड घेऊन तारींचा ठोका ठोकत असणार, आणि चाळीस नारळ तो ऐकत असणार आणि इमानदारीनं गाळून टाकत असणार. तिनंच तसं शिकवलं होतं त्यांना. तिला स्वतःच्या हुशारीचा इतका राग कधी आला नव्हता.

ती खिडकीत गेली आणि जेटीभर ऐकू जाईल अशी ओरडली, “सातही घरं वर या! कान उघडायचेत!”

बाबल सगळ्यात आधी आला. फळीवर ठोका देताना त्यानं इतकी घाई केली की यंत्रानं तो दोनदा नाकारला. तिसऱ्यांदा शमिकानं त्याचा हात धरला. मोंडकर आणि गिरकर धावतच आले, त्यांचीही पोरं त्या होडीत होती. कुबल अर्ध्या जेवणावरून उठून उष्ट्या हातानं आले. सारंगही आले. पराडकर मात्र फळीपाशी थबकले.

“आठय दिवसांचां दिसतलां मगे? सगळ्यांचां?”

“दिसणार,” शमिका म्हणाली. खोटं बोलायला तिला वेळ नव्हता. “उघडलं की सगळंच उघडतं. पण पडदा मी भिंतीकडे फिरवते. फक्त मी बघणार. आणि जे बघेन ते माझ्याबरोबर मसणात जाईल. हेमूची शपथ.”

पराडकरांनी ठोका दिला.

राहिला जनू. तो दाराशी उभा होता, अंगावरून पाणी निथळतंय, हात छातीशी बांधलेले. सगळे त्याच्याकडे बघत होते, फक्त बाबल खाली बघत होता.

“काका,” शमिका म्हणाली.

“मी नाय म्हणूक नाय,” जनू म्हणाला. त्याचा आवाज नेहमीसारखा चढा नव्हता. “पण माझ्या बापाशीन मरताना माका ती एकच गोष्ट दिल्यान. घर गहाण होतां, होडी जुनी होती. ती जागा तेवढी दिल्यान. ती गेली तर माझ्याकडे काय रवता? माका इल्लो इचार करूक देवा.”

बाहेर बंदराच्या तोंडाशी लाट फुटल्याचा आवाज आला. आणि तेवढ्यात सगळ्यांना बाजूला सारत शेवंताकाकी आत घुसली, नऊवारीचा ओचा खोचलेला, हातात लिलावाची टोपली.

“एवढो इचार लगनाच्या टायमाक केलो असतंत तर माझां भलां झालां असतां!” असं म्हणून तिनं टोपली आपटली आणि फळीवर केळुसकरांचा दणदणाट असा काही वाजवला की वरचं कौल हललं.

“गो, तुका ठोको कसो ठावक?” जनू तोंड वासून म्हणाला.

“तीस वर्सां धक्क्यावर बसान तोच ऐकतंय. येतंस की बुडालंस ता तेच्यावरनाच तर कळता माका!”

हिरवा दिवा लागला. कुलूप उघडलं.

शमिकानं पडदा भिंतीकडे वळवला आणि कानांना यंत्र लावलं. इतके दिवस दाबून ठेवलेला समुद्र एकदम अंगावर आला. पाऊस, लाटा, दूरच्या मोठ्या जहाजांची घरघर, तडतड, घूं घूं. यातून एक लाकडाचा ठोका वेगळा काढायचा कसा? पण नमुना तर तिच्याजवळ होताच! कुलपासाठी घेतलेला. ज्याला माणूस ओळखता येतो त्याला गर्दीतही तो सापडतो. तिनं यंत्राला तारींचा ठोका दाखवला आणि सांगितलं, शोध. घाईत ‘तारी’ऐवजी ‘सर्व’ निवडलं गेलं, आणि यंत्र आठही दिवसांचा समुद्र सातही ठोक्यांसाठी चाळायला लागलं.

पडद्यावर ठिपके उमटू लागले. एकेका घराचा एकेक रंग. केळुसकर पिवळे, कुबल निळे, पराडकर हिरवे, मोंडकर जांभळे. शमिका बघत राहिली. तिला वाटलं, यंत्र बिघडलं. तिनं नकाशा मोठा केला, लहान केला. ठिपके हलेनात. खाडीजवळ काही विखुरलेले होते खरे, पण दूर समुद्रात, वायव्येला, उथळ वाळूच्या दांड्यापलीकडे, सातही रंग एकावर एक चढून बसले होते. एकाच जागी. एकाच खडपावर!

सात घरं. सात बाप, सात शपथा, सात बंद डबे. आणि गुपित एकच!

तिला हसू फुटलं. रडू आवरून धरलेलं होतं, त्यामुळे दोन्ही एकदमच बाहेर आलं. बाबल घाबरून पुढे झाला. “काय गो? काय झाला चेडवा?”

“गप! सगळे गप रवा!”

कारण कानात काहीतरी आलं होतं. अगदी बारीक. दोन सावकाश. थांबला. एक. मग तीन भरभर. पुन्हा. दोन, एक, तीन. मध्येच ताल चुकत होता, दमलेल्या हाताचा चुकतो तसा. पण तारींचा ठोका होता, आणि आत्ताचा होता.

“जिता आसा!” ती किंचाळली. “बाबा, ठोकतोय तो! जिवंत आहे!”

ठिपका लाल उमटला, त्याच ढिगाच्या अंगाला चिकटून. होडीचा नांगर खडपात अडकला असणार, म्हणून वाहून गेली नव्हती.

मग काय, माडीचा जिना सात तांडेलांना एकदम उतरायला पुरला नाही. मोंडकर कठड्यावरून उडी मारून गेले. होड्या सुटल्या. बाबलची होडी तर हेमूकडेच होती. तो धक्क्यावर इकडून तिकडे पळत होता, तेवढ्यात एक होडी त्याच्यापुढे येऊन घासली. सुकाणूवर जनू.

“बघत काय रवलंस? चड!”

पंधरा वर्षांनी उच्चारलेला पहिला शब्द. बाबल चढला.

शमिकानं वायरलेस उचलला. आता तिला जागा सांगायची होती, आणि शपथ मोडायची नव्हती. ती आकडे तेवढेच वाचणार होती. खडपाचं नाव नाही, कोणाचं गुपित नाही. “सगळ्या होड्यांना सांगतेय, डबे चालू ठेवा. वायव्येला जा. अक्षांश सोळा...”

ती पुढचा आकडा वाचायच्या आत तिचं लक्ष पडद्यावर गेलं. सहाही डबे चालू होते, शंखोलीच्या इतिहासात पहिल्यांदाच. आणि ‘वायव्य’ एवढा एक शब्द ऐकून सहाही होड्या वळल्या होत्या. बाहेर वाळूचा दांडा आहे. त्याच्यातून एकच अरुंद फट आहे, भरतीला तीही दिसत नाही. नवखा माणूस तिथं होडी फोडून घेईल. एकामागून एक होड्या त्या फटीकडे अशा निघाल्या की जणू रोजची देवळाची वाट. कोणी विचारलं नाही. कोणी वेग कमी केला नाही.

घाईत जनूच्या वायरलेसचं बटण दाबलेलंच राहिलं होतं. शमिकाला दोघांचं बोलणं ऐकू येत होतं, मधून वाऱ्याचा सुसाट आवाज.

“जनू.”

“काय?”

“फट खय आसा ता सांगणार होतंय तुका. तू आधीच वळवलंस. तुका ही वाट कशी ठावक?”

“तुका कसां ठावक, हय फट आसा ता?” जनूनं विचारलं.

“म्हणजे तू...”

“म्हणजे तू पण...”

“अरे, पण तुझी होडी थय दिसली की तू जाळां टाकूक नाय कधी! सरळ पुढे जायचंस!”

“तू बघतंस म्हणान जायचंय! मगे फिरान येयचंय!”

“मी पण तसोच!”

“आवशीक खाव!” जनू इतक्या जोरात म्हणाला की वायरलेस खरखरला. “मागे बघ, बाबल्या. मागे कुबल येता. तेच्या मागे पराडकार. सगळे फटीतना येतत!”

माडीवर शेवंताकाकी शमिकाच्या शेजारी उभी होती. तिनं तोंडाला पदर लावला होता आणि तिचे खांदे हलत होते. हसतेय की रडतेय ते कळत नव्हतं. शमिकाची गत काही वेगळी नव्हती. कानात हेमूचा ठोका चालू होता. दोन, एक, तीन. मग दोन, एक. मग दोन. मग काहीच नाही.

“थांबला,” शमिका म्हणाली. “काकी, ठोका थांबला.”

शेवंताकाकीनं तिचा हात धरला. वायरलेसवर नुसता पाऊस. पडद्यावर सहा ठिपके लाल ठिपक्यापाशी पोचले आणि एकमेकांत मिसळून गेले. आता काहीच वेगळं दिसेना. शमिका कानातलं यंत्र दोन्ही हातांनी दाबून धरून बसली. पाऊस. तडतड. पाऊस.

आणि मग ठोके आले. एका घराचे नव्हेत. केळुसकरांचा दणदणाट, कुबलांचे जोडठोके, मोंडकरांची लांब चाल, सगळे एकदम, आपापल्या होडीच्या काठावर, जणू समुद्र परतवून लावायला निघालेत. आणि त्या गदारोळात, कमकुवत पण ताल न चुकता, दोन, एक, तीन.

वायरलेस खरखरला. “ताई?”

शमिकानं वायरलेस दोन्ही हातांनी उचलला.

“ताई, उशीर केलंस गो. हात सोलान गेलो माझो.”

“वेंगुर्ल्याला गेला होतास ना रे मेल्या?” ती ओरडली आणि मग जी रडत सुटली ती थांबेचना.

मोठ्या झपाट्याच्या आधी सगळे परत आले, तिघंही धडधाकट. तारींची होडी दोरानं ओढत आणली, अर्धी बुडालेली, पण आणली. बर्फाच्या कारखान्यात त्या संध्याकाळी बर्फ सोडून सगळं गरम होतं, चहा, पेज आणि भांडणं. बाबल हेमूच्या हाताला पट्टी बांधत होता आणि तोंडानं शिव्या देत होता.

“तुका खडप सापडलो कसो ता सांग आधी!”

“तुम्हीच दाखवलात,” हेमू म्हणाला. “तुमचो डबो जय बंद व्हायचो आणि जय चालू व्हायचो, ता सरकारी नकाशात सगळ्यांका दिसता. मधी किती वेळ गेलो, होडी किती पळता, पट्टी घेवन बघलंय. खडप मधीच आसा.”

“म्हणजे डबो बंद केल्यानच कळला?”

“हां. चालू ठेवलो असतात तर मी खय बघूक गेल्लंय!”

सात तांडेलांनी एकमेकांकडे बघितलं नाही. जनूला ठसका लागला.

“नारळ बहिरे आहेत हे माहीत होतं तुला,” शमिका हळूच म्हणाली. “तरी इतका वेळ ठोकत बसलास?”

“नारळ बहिरे आसत,” हेमू म्हणाला. “तू खय बहिरी आसंस?”

शमिका उठून खिडकीपाशी गेली, उगाचच. मग परत आली आणि तिनं सगळ्यांना विचारलं. गाळणी पुन्हा लावायची तर सात ठोके पुन्हा हवेत, लावू या का? फळी मध्ये ठेवली होती. पराडकर चहाच्या कपात बघत राहिले. कुबल म्हणाले, हात दुखतोय. शेवटी जनूनं फळी उचलली, पालथी घातली आणि तिच्यावर आपली चहाची बशी ठेवली.

“उघडेच रवांदेत. लपवूक आता रवला काय?”

आठवडाभरानं समुद्र निवळला. तारींची होडी दुरुस्त होऊन पाण्यात उतरली तेव्हा जेटीवर सगळं बंदर होतं. सातही होड्या निघायच्या बेतात होत्या. शमिका माडीच्या खिडकीत उभी होती. हेमूनं दोर सोडला, जाळं खांद्यावरून खाली ठेवलं, सुकाणू धरलं.

बाबल धक्क्याच्या टोकाशी आला. घसा खाकरला. आणि सगळ्यांच्या देखत, शंखोलीत आजवर कोणा बापानं मुलाला विचारलं नव्हतं ते त्यानं विचारलं.

“हेमू, खय जातलंस रे?”

कोणीतरी ‘अरे देवा’ म्हणालं. हेमूनं बापाकडे बघितलं, मग माडीवरच्या खिडकीकडे. जाळं त्यानं खाली टाकलं नाही, पाय धुवायला तो घरी गेला नाही.

“खडपार,” तो म्हणाला. “सांजेक परत येतंय.”

बाबलनं मान हलवली. “बरां. डबो चालू ठेव.”

पाठीमागून जनूची होडी निघाली. “मी पण खडपार, कोणी इचारूक नाय तरी सांगतंय!” तो ओरडला, आणि शेवंताकाकीनं धक्क्यावरून होडीचं नाव पुकारलं.